बोललेलं जातं कुठं?

एकदा उमटलेला ध्वनी कधीच नष्ट होत नाही, तो अवकाशात फिरत राहतो, आणि उद्या एखादं यंत्र कुरुक्षेत्रावरची गीता थेट श्रीकृष्णाच्या आवाजात पकडून देईल, हे आपल्यापैकी अनेकांनी व्याख्यानांत, कीर्तनांत ऐकलेलं असतं. आधाराला ‘शब्द हा आकाशाचा गुण’ हे वैशेषिकांचं मत दिलं जातं. पण त्याच न्याय-वैशेषिक परंपरेनं शब्द अनित्य मानला आहे. पाण्यातली एक लाट पुढची लाट उठवते आणि स्वतः विरते, तसा प्रत्येक शब्द पुढच्या शब्दाला जन्म देऊन संपतो, हा त्यांचा वीचीतरंगन्याय. शब्द नित्य मानला तो मीमांसकांनी, आणि तोही वेदाच्या प्रामाण्यासाठी. हवेत आवाज साठून राहतो असं त्यांना म्हणायचं नव्हतं.

युरोपात हीच कल्पना गणिताचा आधार घेऊन आली. गणकयंत्रांचे आराखडे करणाऱ्या चार्ल्स बॅबेजनं १८३७ साली लिहिलं, की हवा म्हणजे एक अफाट ग्रंथालय आहे. माणसानं जे जे उच्चारलं ते सारं तिच्या कणांच्या गतीत नोंदलेलं आहे. न्यूटनच्या नियमांवरचा त्याचा विश्वास समजण्यासारखा आहे. पण रेणूंची उष्णताजन्य धावपळ त्या काळी कुणी नीट मोजलेली नव्हती. आपण साध्या आवाजात बोलतो तेव्हा हातभर अंतरावरची हवा सेकंदाला जेमतेम मिलिमीटरच्या विसाव्या भागाच्या वेगानं मागंपुढं होते. त्याच हवेतले रेणू मात्र सेकंदाला सुमारे पाचशे मीटर वेगानं सैरावैरा धावत एकमेकांवर आदळत असतात. एवढ्या गर्दीत बोलण्याची शिस्त किती टिकणार? विजापूरच्या गोलघुमटात कुजबूजसुद्धा पलीकडच्या भिंतीपाशी ऐकू येते, पण तिथलाही प्रतिध्वनी थोड्याच वेळात विरून दगडाची आणि हवेची अगदी किंचितशी ऊब होऊन जातो.

मग हवेऐवजी माती आली. १९६९ साली रिचर्ड वुडब्रिज या अमेरिकी गृहस्थांनी अभियंत्यांच्या एका प्रतिष्ठित नियतकालिकात पत्र लिहून दावा केला, की मडक्यावरच्या रेघांवर ग्रामोफोनची सुई धरली तर ज्या चाकावर ते घडलं त्या चाकाची घरघर ऐकू येते. रंगवलेल्या कॅनव्हासवरच्या निळ्या फटकाऱ्यातून आपल्याला ‘ब्लू’ हा शब्द ऐकू आला, असंही त्यांनी लिहिलं. ही कल्पना भुरळ घालते, कारण गणित पहिल्या पायरीवर जुळतं. दहा सेंटिमीटर व्यासाचं भांडं मिनिटाला शंभर फेऱ्या घेत असेल, तर कुंभाराच्या बोटाखालून सेकंदाला अर्धा मीटर माती सरकते. एलपी रेकॉर्डच्या बाहेरच्या कडेला सुईखालून खाचही जवळजवळ तेवढ्याच वेगानं सरकते.

दुसऱ्या पायरीवर मात्र हिशेब कोसळतो. बोलण्यानं हवा जी हलते, ती मिलिमीटरच्या साठ-सत्तर हजाराव्या भागाइतकी. चिकणमातीचा कण मिलिमीटरच्या पाचशेव्या भागापर्यंत मोठा असतो, म्हणजे त्या हालचालीच्या शंभरपट आणि वर. शिवाय मधे बोटाचं मांस आहे, पाणी आहे. आपल्याकडच्या पाण्याच्या मडक्याला तर चाकावरून उतरल्यावर थापीनं थापटून आकार देतात; चाकावरच्या रेघा तिथंच पुसल्या जातात. पुढं आव्यात भाजताना माती आणखी आकसते. पुरातन भांड्यांतून हसण्या-बोलण्याचे आवाज काढल्याची बेल्जियमची एक चित्रफीत जगभर फिरली. तो एप्रिल फूलचा प्रकार होता, तरी ती खरी मानणारे आजही भेटतात.

या वेडाची मला चीड येत नाही. मेलेल्या माणसाचा आवाज पुन्हा ऐकावासा वाटणं यापरतं मानवी काय असेल? आणि खरंच परत मिळालेला आवाज या कल्पितांपेक्षा अधिक थरारक आहे.

पॅरिसच्या एदुआर-लेऑं स्कॉत द मार्तेंव्हिल या छापखान्यातल्या माणसानं शरीरशास्त्राच्या पुस्तकाची मुद्रितं तपासताना कानाची रचना पाहिली आणि पडद्याला केस जोडून काजळी धरलेल्या कागदावर आवाज ‘लिहिणारं’ यंत्र बनवलं. त्याचं पेटंट १८५७ चं. एडिसनच्या फोनोग्राफच्या वीस वर्षं आधीचं. त्याला आवाज पुन्हा वाजवायचा नव्हता, डोळ्यांनी वाचायचा होता. पण तो कागद गुंडाळलेला दंडगोल हातानं फिरवायचा, म्हणजे वेग कमीजास्त होणारच. म्हणून पुढं त्यानं गाण्याच्या रेघेशेजारी नादकाट्याची रेघही उमटवून घेतली. काट्याचं कंपन ठरलेलं. त्याच्या लाटा मोजल्या की काळ मोजला जातो.

९ एप्रिल १८६० च्या अशाच एका कागदावरून, २००८ साली कॅलिफोर्नियातल्या लॉरेन्स बर्कली प्रयोगशाळेत एका फ्रेंच लोकगीताची ओळ संगणकानं ऐकवली. आवाज एखाद्या मुलीचा वाटला. वर्षभरात उलगडा झाला: स्कॉतनं काट्यासाठी लिहिलेली पाचशे कंपनं त्या काळच्या रीतीप्रमाणं अर्धी कंपनं होती, म्हणजे काटा सेकंदाला अडीचशेचाच. वेग निम्मा केल्यावर मुलीच्या जागी एक पुरुष सावकाश, जपून गाताना ऐकू आला. बहुधा स्कॉत स्वतःच. त्याचे १८५७ चे कागदही आहेत. त्यांत नादकाट्याची रेघ नाही, म्हणून त्याच्या हाताचा वेग कुठं वाढला नि कुठं मंदावला हे आज अंदाजानंच ठरवावं लागतं.