विल्स, टॉम

विल्स, टॉम : (१९ ऑगस्ट १८३५–२ मे १८८०). ऑस्ट्रेलियन फुटबॉल या खेळाचा एक आद्य प्रवर्तक व ख्यातनाम क्रिकेटपटू. पूर्ण नाव टॉमस वेंटवर्थ विल्स. जन्म न्यू साउथ वेल्समध्ये. वडील होरेशिओ हे मेंढ्यांच्या विस्तीर्ण कुरणांचे मालक होते. टॉमचे बालपण पश्चिम व्हिक्टोरियात जाब वुरुंग या आदिवासी जमातीच्या सान्निध्यात गेले व तो त्यांची भाषाही शिकला. पुढील शिक्षणासाठी १८५० मध्ये त्यास इंग्लंडमधील रग्बी स्कूलमध्ये धाडण्यात आले. तेथे तो क्रिकेट संघाचा कर्णधार झाला व रग्बी पद्धतीच्या फुटबॉलमध्येही चमकला. १८५६ च्या अखेरीस तो मायदेशी परतला.

हिवाळ्यात क्रिकेटपटूंचे शरीर सुदृढ राहावे म्हणून फुटबॉलचा क्लब काढावा, अशी सूचना त्याने १० जुलै १८५८ च्या एका वृत्तपत्रातील पत्राद्वारे केली. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये स्कॉच कॉलेज व मेलबर्न ग्रामर स्कूल यांच्यात झालेल्या सामन्यात तो पंच होता. १७ मे १८५९ रोजी विल्स, विल्यम हॅमर्सली, जे. बी. टॉम्पसन प्रभृतींनी मेलबर्न क्लबसाठी दहा नियम तयार केले. विल्सचा ओढा रग्बीकडे होता. तथापि सहकाऱ्यांना सुटसुटीत नियम हवे होते. त्यामुळे लाथा मारण्यास व चेंडू हाताने फेकण्यास बंदी घालण्यात आली. मात्र लाथाडलेला चेंडू थेट झेलणाऱ्यास अडथळ्याविना तो मारण्याची मुभा मिळाली. ‘ऑफसाइड’चा नियम त्यांत नव्हता. या खेळाचे वेगळेपण येथूनच सुरू होते. विल्स पुढे मेलबर्न व जिलाँग या संघांकडून खेळला.

१७ ऑक्टोबर १८६१ रोजी क्वीन्सलँडमधील कलिन-ला-रिंगो येथे आदिवासींच्या हल्ल्यात त्याच्या वडिलांसह १९ वसाहतवासी मारले गेले. सामान आणण्यास गेल्यामुळे विल्स वाचला. त्यानंतरच्या सूडसत्रात गोऱ्यांनी अनेक आदिवासींना ठार केले. त्यात विल्सचा सहभाग होता की नाही, याविषयी अभ्यासकांत मतभेद आहेत. असे असूनही पाचच वर्षांनी त्याने पश्चिम व्हिक्टोरियातील आदिवासींच्या क्रिकेट संघास शिकविले आणि २६ डिसेंबर १८६६ रोजी मेलबर्नच्या मैदानावर त्याचे नेतृत्व केले. याच संघातील अनेक खेळाडू १८६८ मध्ये इंग्लंडच्या दौऱ्यावर गेले; मात्र विल्स त्यांच्यासमवेत नव्हता.

आदिवासींच्या ‘मार्नग्रूक’ या चेंडूच्या खेळावरून विल्सला नव्या खेळाची कल्पना सुचली, असे काही अभ्यासक मानतात. परंतु त्यास समकालीन लेखी पुरावा नाही. त्याचे बालपण पाहता ही शक्यता पूर्णतः नाकारताही येत नाही.

उत्तरायुष्यात तो मद्याच्या आहारी गेला व कर्जबाजारी झाला. मद्यामुळे आलेल्या भ्रमावस्थेत त्याने मेलबर्नजवळील हायडलबर्ग येथे आत्महत्या केली. त्याच्या कबरीवर शंभर वर्षे नावाचा दगडही नव्हता. तो १९८० मध्ये बसविण्यात आला. मेलबर्न क्रिकेट मैदानाबाहेर २००१ मध्ये उभारलेल्या शिल्पात तो १८५८ च्या सामन्याचा पंच म्हणून दाखविलेला आहे.