गाडीतला गोड वास

अमेरिकेत मिशिगनमध्ये राहणाऱ्या एका वाचकाने विचारलं आहे : हीटर लावला की गाडीत गोडसर वास येतो, समोरची काच आतून धुरकटते, पुसली तरी तेलकट फराटे उरतात आणि शेजारच्या सीटपुढचा गालिचा ओला लागतो. गॅरेजवाल्याने ‘हीटर कोर गेलाय’ म्हणून हजार डॉलरच्या वरचा अंदाज सांगितला. तोच सुटा भाग दुकानात शंभराच्या आत मिळतो. मग हे काम घरी का करू नये?

करता येईल. पण नऊशे डॉलरच्या वरचा हा फरक कुठून येतो, ते आधी कळायला हवं. हीटर कोर ही वस्तू स्वस्तच आहे. ती बसवलेली असते डॅशबोर्डच्या पोटात, सगळ्यात आत. बऱ्याच गाड्यांमध्ये असं वाटतं की कारखान्यात आधी हा कोर टांगला आणि मग उरलेली गाडी त्याच्याभोवती बांधली!

पेट्रोलच्या इंजिनात जळणाऱ्या इंधनातली साधारण एक-तृतीयांश ऊर्जाच चाकांच्या कामी येते. तेवढीच धुराड्यातून जाते आणि जवळपास तेवढीच इंजिनाभोवती खेळणाऱ्या कूलंटमध्ये उतरते. ही उष्णता पुढच्या रेडिएटरमधून वाऱ्यावर सोडून देण्याआधी तिचा थोडा वाटा आत वळवायचा, एवढंच हीटरचं काम. इंजिन आणि केबिन यांच्यामधल्या फायरवॉलमधून दोन होज पाइप आत शिरतात. तिथे वीतभर लांबीचा, दोन बोटं जाडीचा एक छोटा रेडिएटर असतो, तोच हीटर कोर, आणि मागून पंखा त्यावर हवा फेकतो. एसीला इंधन लागतं, हीटर मात्र फुकटात चालतो.

ही फुकटची ऊब वापरायची कशी, हे मात्र मोटार उद्योगाला लवकर उमगलं नाही. सुरुवातीच्या गाड्यांत लोक पायाशी तापवलेल्या विटा आणि निखाऱ्यांच्या पेट्या ठेवत. पुढे एक्झॉस्टच्या नळीवरून हवा आत घ्यायची टूम आली. नळीला भेग पडली की उबेबरोबर कार्बन मोनॉक्साइडही आत! त्यानंतर कूलंटवरचे हीटर आले, पण ते केबिनमधलीच शिळी हवा पुन्हापुन्हा तापवत बसायचे, आणि चार माणसांच्या श्वासाने काचा धुरकटायच्या. यातून वाट काढली अमेरिकेतल्या नॅश कंपनीने, १९३८ मध्ये. बाहेरची ताजी हवा गाळून कोरवरून आत घ्यायची. त्यामुळे केबिनमध्ये किंचित दाब तयार होतो आणि दारांच्या फटींतून गार वारा आत येण्याऐवजी आतली हवाच बाहेर जाते. पुढच्याच वर्षी त्याला थर्मोस्टॅटची जोड मिळाली आणि ‘वेदर आय’ हे नाव पडलं. आजच्या प्रत्येक गाडीची हवेची व्यवस्था मुळात हीच आहे.

त्यामागचा अभियंता होता फिनलंडमध्ये जन्मलेला निल्स एरिक वाल्बर्ग. मोटारीच्या इतिहासात त्याला जेमतेम एक तळटीप मिळते. गंमत म्हणजे नॅशचं १९३८ च्या आदल्याच वर्षी एका फ्रिज कंपनीशी लग्न लागलं होतं. ती कंपनी केल्व्हिनेटर. आपल्याकडच्या कितीतरी स्वयंपाकघरांत ज्या नावाचा फ्रिज उभा होता, ते नाव अमेरिकेत गाड्या उबदार ठेवणाऱ्या कंपनीच्या पाटीवर झळकत होतं!

आता वासाकडे. तो येतो कूलंटमधल्या एथिलिन ग्लायकॉलचा. फ्रेंच रसायनशास्त्रज्ञ शार्ल-अडोल्फ वुर्ट्झ यांनी १८५० च्या दशकात ते प्रथम तयार केलं, आणि नंतरची कित्येक दशकं त्याचं काय करायचं हे कुणाला सुचलं नाही. शुद्ध पाणी शून्याला गोठतं आणि शुद्ध ग्लायकॉल उणे १३ अंशांच्या आसपास. दोन्ही निम्मंनिम्म मिसळलं की मात्र ते उणे ३७ पर्यंत द्रव राहतं, कारण स्फटिक रचायला निघालेल्या प्रत्येकाच्या रांगेत दुसऱ्याचे रेणू घुसतात. म्हणून थंडी फार आहे तर निव्वळ ग्लायकॉल ओतू, हा हिशेब चुकतो. मिशिगनच्या कडक थंडीत निव्वळ ग्लायकॉलच आधी घट्ट होईल.

हे रसायन चवीला गोड आणि पोटात विष. कूलंट सांडलं की कुत्री-मांजरं ते चाटतात आणि मरतात. मुळात ग्लायकॉल स्वतः फारसं घातक नसतं. यकृतातलं एक विकर त्याच्या रूपांतराला सुरुवात करतं आणि शेवटी ऑक्झॅलिक आम्ल बनतं. अळू ज्यामुळे घशाला खाजतं, ते कॅल्शियम ऑक्झलेटचे स्फटिक मग मूत्रपिंडात साचतात. यावर डॉक्टरांचा जुना उतारा चक्क दारूचा : ते विकर अल्कोहोलच्या मागे लागतं आणि ग्लायकॉल तसंच लघवीवाटे निघून जातं. याच ग्लायकॉलच्या भाऊबंदाने, डायएथिलिन ग्लायकॉलने, १९८६ मध्ये मुंबईच्या जे. जे. रुग्णालयात १४ रुग्णांचा बळी घेतला. औषध म्हणून दिलेल्या ग्लिसरीनमध्ये ते मिसळलेलं होतं, आणि त्या प्रकरणावरचा न्यायमूर्ती लेंटिन आयोग अनेकांना आठवत असेल. तात्पर्य, गालिच्यावरचा ओलावा बोटाने चाखून बघू नये. जुने मेकॅनिक तसं करत. त्यांचं अनुकरण नको.

चाखायची गरजही नाही. पांढरा टिश्यू पेपर गालिच्यावर दाबावा. ओल हिरवी, गुलाबी किंवा केशरी उमटली आणि बोटांना बुळबुळीत लागली तर ते कूलंट. नितळ, बिनवासाचं पाणी निघालं तर संशयित वेगळा. एसीच्या कूलिंग कॉइलवर जमणारं पाणी बाहेर सोडणारी नळी तुंबली की तेही याच जागी टपकतं. मुंबई-पुण्यात पावसाळ्यात सीटपुढचा गालिचा भिजला तर बऱ्याचदा हीच भानगड निघेल, आणि तिच्यासाठी डॅशबोर्ड उघडायला सांगणाऱ्या गॅरेजपासून दूरच राहावं. काचेवरचा थरही साक्ष देतो. श्वासाची वाफ कापडाने पुसली की काच स्वच्छ होते. ग्लायकॉल मात्र पुसलं की पसरतं.

संशय पक्का करायला दोन प्रयोग पुरतात. इंजिन पूर्ण थंड असताना रेडिएटरच्या तोंडाला हातपंपाचा प्रेशर टेस्टर लावायचा, झाकणावर छापलेल्या दाबापर्यंत (बहुतेक एक बारच्या आसपास) हवा भरायची आणि काट्याकडे बघत बसायचं. काटा उतरतोय आणि बॉनेटखाली सगळं कोरडं आहे, म्हणजे गळती आतच. दुसरा प्रयोग आणखी साधा : फायरवॉलपाशी कोरकडे जाणारे दोन्ही पाइप काढून एका वळणदार नळीने एकमेकांना जोडून टाकायचे. कोर वर्तुळाबाहेर गेल्यावर कूलंटची पातळी घटायची थांबली, तर गुन्हेगार सापडला. कोकणात किंवा मुंबईत गाडी या अवस्थेत वर्षानुवर्षं चालते, मालकाला हीटरची आठवणही होत नाही. मिशिगनच्या जानेवारीत मात्र तो हंगामी उपाय ठरतो. काचेवरचं बर्फ आणि धुकं हटवण्याची सोय तिथे चैनीची बाब नाही, अमेरिकेच्या वाहन सुरक्षा मानकांनी ती गाडीत बंधनकारक केली आहे.

इथे बहुतेक मार्गदर्शक थेट पाना उचलतात. त्याआधी एक प्रश्न विचारलाच पाहिजे : कोरला भोक पडलं कशाने?

पितळेच्या भांड्यात ताक ठेवलं तर ते कळकतं, हे आपल्या आज्यांना रसायनशास्त्र न शिकता ठाऊक होतं. म्हणून कल्हईवाला यायचा. तापवलेल्या भांड्यावर नवसागर टाकून कथिलाचा बोळा फिरवायचा, की आंबटाची आणि धातूची गाठ पडेनाशी व्हायची. ही कल्हई वापरून वापरून झिजायची आणि काही महिन्यांनी तो पुन्हा दारात. कूलंटच्या बाटलीत ग्लायकॉलबरोबर जी गंजरोधकं असतात, ती म्हणजे द्रवातच विरघळवलेली कल्हई. जुन्या हिरव्या कूलंटमधली सिलिकेटं अ‍ॅल्युमिनियमवर पातळ पापुद्रा धरतात आणि साधारण दोन वर्षांत खर्ची पडतात. नव्या सेंद्रिय आम्लांच्या कूलंटमध्ये ती पाच वर्षांच्या आसपास टिकतात. तिकडे ग्लायकॉलही उष्णता आणि हवेच्या संगतीत हळूहळू आंबत असतं, त्याची आम्लं बनत असतात. कल्हई उडाली, ताक आंबलं, आणि भांड्याची भिंत मिलिमीटरच्या निम्म्याहूनही कमी जाडीची! बाटलीच्या रंगावर मात्र विसंबू नये. तो रंग कंपनीच्या मर्जीचा असतो, रसायनाचा पुरावा नसतो.

भोक नेमकं कुठे पडतं, याचं उत्तर केंब्रिजच्या युलिक इव्हान्स यांच्याकडे आहे. गंजाला शास्त्राचा दर्जा मिळवून देणारा हा माणूस. त्यांचं धातूंच्या गंजण्यावरचं पुस्तक १९२४ मध्ये आलं. पण गंजावर संशोधन करणाऱ्याला कोण विचारतो? त्यांचा सगळ्यात देखणा प्रयोग मिठाच्या पाण्याच्या एका थेंबात मावतो. घासून चकचकीत केलेल्या लोखंडी पत्र्यावर तो थेंब ठेवायचा. त्यात आधीच दोन सूचक घातलेले : लोखंड विरघळलं तर निळा रंग देणारं पोटॅशियम फेरिसायनाइड आणि अल्कली झाली तर गुलाबी होणारं फिनॉल्फ्थॅलिन. सुरुवातीला ठिपके कुठेही उमटतात. थोड्या वेळाने थेंबाचा मधला भाग निळा होतो, कडेला गुलाबी वलय येतं आणि दोन्हींच्या मध्ये तांबूस गंजाचं कडं बसतं. प्राणवायू कडेला सहज पोचतो, मध्यभागी पोचत नाही, आणि धातू खाल्ला जातो तो मध्यभागी! जिथे हवा भरपूर तिथे गंज जास्त, ही आपली समजूत एका थेंबाने उलटवली.

कोरमध्ये हाच थेंब वेगळ्या वेशात असतो. नळीच्या तळाशी गाळाची ढेकळं बसतात, क्लिपखाली फट राहते, जोडात कपार असते. तिथे प्राणवायू पोचत नाही आणि नेमकी तिथेच धातूला टोचणी लागते. म्हणून कूलंट वेळेवर बदलण्याइतकंच महत्त्व नळाचं पाणी न वापरता डिस्टिल्ड पाणी घालण्याला आहे. कठीण पाण्यातले क्षार गाळ वाढवतात आणि क्लोराइड संरक्षक पापुद्र्याला भोकं पाडतं.

दुसरं कारण विजेचं. इंजिनाची अर्थिंगची तार सैल किंवा गंजलेली असेल, तर परतीचा प्रवाह कूलंटमधून वाट काढतो. तपासायला साधा मल्टिमीटर पुरतो. एक टोक बॅटरीच्या ऋण खांबाला, दुसरं धातूला न लावता कूलंटमध्ये बुडवलेलं; मग दिवे, पंखा, स्टार्टर एकेक चालू करत आकडा बघायचा. पुन्हापुन्हा फुटणाऱ्या कोरबाबत फोर्डने आपल्या डीलरांना पाठवलेल्या तांत्रिक सूचनेत ०.४ व्होल्ट ही मर्यादा धरली होती. त्यावर आकडा गेला तर नवा कोरही त्याच वाटेने जाईल.

आता बाटलीतल्या जादूबद्दल. रेडिएटरमध्ये ओता आणि गळती विसरा, असा दावा करणारी द्रव्यं अमेरिकेत प्रत्येक दुकानात मिळतात. त्यांतली काही गोळ्यांच्या रूपात येतात, आणि अशा गोळ्यांमधला एक जुना घटक म्हणजे दळलेली सुंठ. जनरल मोटर्सच्या काही गाड्यांमध्ये तर त्या कारखान्यातच टाकल्या जात. सुंठेवाचून खोकला गेला तर उत्तम, पण इथे सुंठीनेही तो जाईलच असं नाही. सुंठीचे तंतू गळतीच्या भोकाशी अडकून गठ्ठा बनवतात हे खरं. मात्र अडकायला त्यांना भोक आणि कोरची अरुंद नळी यांतला फरक कळत नाही. गळती थांबते आणि हीटर कोमट होतो, अशी तडजोड अनेकांच्या नशिबी आली आहे. जंगलातल्या रस्त्यावर अडकलात तर ओता. घरासमोर उभ्या गाडीत नको.

कोर बदलण्याच्या कामात कौशल्यापेक्षा चिकाटी लागते. आपल्या मॉडेलचं सर्व्हिस मॅन्युअल मिळवून आधी एकच गोष्ट बघावी : कोर बाजूने सरकवून निघतो की तो ज्यात बसतो ती अख्खी पेटी बाहेर काढावी लागते? पहिल्या प्रकारात शनिवार पुरेल. दुसऱ्या प्रकारात पेटीत कोरशेजारी एसीची कूलिंग कॉइल असते. तिच्यातला वायू वातावरणात सोडणं अमेरिकेत बेकायदा आहे, तेव्हा तो आधी दुकानात काढून घ्यायला हवा. एवढ्यावर गॅरेजचा अंदाज परवडणारा वाटू लागला, तर त्यात कमीपणा नाही.

बॅटरी सोडल्यावर एअरबॅगच्या तारांना हात लावण्याआधी काही मिनिटं थांबायचं, कारण त्यांच्या कपॅसिटरमध्ये भार शिल्लक असतो. कूलंट परातीत काढून घ्यायचं. कोरच्या एका तोंडात हलकी फुंकर मारून उरलेलं दुसऱ्या तोंडाने बॉनेटखालीच बाहेर काढावं, नाहीतर ते गालिच्यात उतरतं. जुने होज पाइप पिळून उपटायचे नाहीत, पात्याने उभे चिरायचे. कोरची नळी इतकी मऊ असते की पिळल्यावर तीच मोडते. स्क्रू ज्या क्रमाने निघतील त्या क्रमाने वेगवेगळ्या खणांत ठेवावेत आणि प्रत्येक जोडणीचा फोटो काढावा. नव्या कोरभोवती स्पंजाची पट्टी जुन्यासारखीच लावायची, नाहीतर हवा कोरला वळसा घालून जाते आणि एवढ्या खटाटोपानंतर पाय गारच राहतात.

सगळ्यात महत्त्वाची सूचना मॅन्युअलमध्ये क्वचितच ठळक असते. डॅशबोर्ड परत चढवण्याआधी पाइप जोडून, कूलंट भरून प्रेशर टेस्टर पुन्हा लावावा आणि अर्धा तास काटा हलत नाही हे बघावं. मग गाडीचं नाक चढावर ठेवून हीटर पूर्ण गरमवर लावायचा आणि अडकलेली हवा काढायची. कोर बहुधा यंत्रणेतल्या उंच जागी असतो, त्यामुळे हवा तिथेच जाऊन बसते. डॅशबोर्डमागून झुळझुळ आवाज येतोय तोवर ती निघालेली नाही.

जुना कोर फेकण्याआधी करवतीने उभा कापावा. जोडाशीच एक चीर असेल तर वयाचा किंवा घडणीचा दोष, नव्या कोरला चिंता नाही. नळ्यांत तपकिरी चिखल असेल तर नवं कूलंट भरण्याआधी इंजिन आणि रेडिएटर धुतलेच पाहिजेत. आणि आतल्या बाजूने जागोजाग टाचणीने टोचल्यासारखी भोकं दिसली, तर मल्टिमीटर घेऊन पुन्हा बॉनेट उघडायचं आणि इंजिनापासून बॉडीपर्यंतची अर्थिंगची तार दोन्ही टोकांना घासून आवळायची.