शिडीभोवतीचा पिंजरा पडणाऱ्याला अडवत नाही

गाळप संपले की साखर कारखान्यांत दुरुस्तीची कामे निघतात. चिमणी, मळीची टाकी, साखरेचा सायलो. सगळीकडे पक्क्या बसवलेल्या उभ्या लोखंडी शिडीवरून कामगारांची चढ-उतर वाढते. बेळगावच्या उद्यमबागेतली फाउंड्री असो की गोव्यातल्या वेर्ण्याचा कारखाना, अशा शिड्या तिथेही असतात. शिडीला लोखंडी कड्यांचा पिंजरा असला की ‘आता काही भीती नाही’ असे समजले जाते. घोळ नेमका इथेच होतो.

पिंजरा काय करतो?

पिंजऱ्यामुळे पाठीला आधार मिळतो, चढणाऱ्याला धीर येतो. पण हात सुटला तर माणूस त्याच्या आतूनच सरळ खाली येतो. वाटेत कड्यांवर आपटतो, कधी अडकून बसतो. 6 मीटरवरून पडलेला माणूस सव्वा सेकंदाच्या आत खाली पोचतो. तेव्हा वेग ताशी 39 किलोमीटरच्या घरात असतो. सावरायला वेळच मिळत नाही.

म्हणून अमेरिकेने 2016 मध्ये नियम बदलला. 24 फुटांहून उंच नव्या शिडीला 19 नोव्हेंबर 2018 पासून नुसता पिंजरा चालेनासा झाला. जुन्या शिड्या बदलायला त्याच नियमाने 2036 पर्यंत मुदत दिली.

मग अडवते काय?

शिडीच्या लांबीभर पोलादी दोर किंवा रूळ बसवतात. त्यावर सरकणारा खटका कामगाराच्या हार्नेसला छातीसमोर जोडलेला असतो. चढताना तो सोबत सरकतो. झटका बसताच जागीच घट्ट धरतो. कमरेचा पट्टा इथे कामाचा नाही, कारण सगळा हिसका पोटावर आणि मणक्यावर येतो. हार्नेस तो मांड्या आणि खांद्यांवर वाटून देतो.

सर्वांत नाजूक जागा म्हणजे वरचे टोक. प्लॅटफॉर्मवर पाय टाकताना हूक काढला जातो आणि तोल जातो. म्हणून आधी दुसरा हूक अडकवायचा, मगच पहिला सोडायचा. हत्यारे हातात न घेता दोराने वर ओढायची. हार्नेसमध्ये लटकलेल्याला लगेच उतरवायची तयारीही आधीच हवी. जास्त वेळ लटकणे जिवावर बेतू शकते.

1948 च्या फॅक्टरी ॲक्टच्या कलम 32 ने उंचीवर काम करणाऱ्याच्या सुरक्षेची जबाबदारी कारखान्यावर टाकली होती. 2025 पर्यंत लागू असलेला हा कायदा केंद्राचा होता. सीमेच्या अलीकडे-पलीकडे सारखाच होता. ठेकेदाराचा माणूसही त्यात कामगारच धरला होता. तेव्हा शिडीवर पाय ठेवण्याआधी ‘दोर कुठंय, हार्नेस कुठंय?’ असे त्यानेही बेधडक विचारावे.