नजमाचा गुन्हा आणि आपल्या मुलीचा ‘कबूल’

हैदराबादमधले एक गरीब मुस्लिम घर. आखातात पैसा कमावलेला एक वयस्क गृहस्थ तिथली कोवळी शबनम पसंत करतो. शबनमचे मन सरजूवर जडलेले आहे. पण घरच्या गरिबीपुढे तिचे कोण ऐकणार? हे स्थळ जुळवायला हातभार लावते नजमा. तीही एक स्त्रीच.

सागर सरहदी यांच्या ‘बाजार’ (१९८२) या चित्रपटातली ही नजमा स्मिता पाटील यांनी साकारली. शेवटी शबनमचा जीव जातो, तेव्हा आपणही या पापात सामील होतो, हे नजमाला कळून चुकते. ती कबुली स्मिताच्या चेहऱ्यावर पाहताना आपलीच मान खाली जाते.

स्मिताचा जन्म १९५५ चा, पुण्याचा. मुंबई दूरदर्शनवर मराठी बातम्या देणाऱ्या या मुलीला श्याम बेनेगल यांनी चित्रपटात आणले. तो काळ स्त्रियांच्या जागृतीचा होता. मथुरा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने पोलिसांना निर्दोष सोडले, तेव्हा देशभर स्त्रिया रस्त्यावर उतरल्या आणि १९८३ मध्ये कायदा बदलला. त्याच वर्षांत समांतर चित्रपट थोड्या पैशांत मोठे प्रश्न मांडत होता. ‘मंथन’साठी तर गुजरातच्या पाच लाख दूध उत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये दिले होते! ‘भूमिका’ आणि ‘चक्र’साठी स्मिताला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. ‘उंबरठा’तली तिची सुलभा मराठी घराघरांत पोहोचली.

१३ डिसेंबर १९८६ रोजी, अवघ्या एकतिसाव्या वर्षी ती गेली. त्यानंतर ‘मिर्च मसाला’ प्रदर्शित झाला. त्यात सुभेदाराच्या तावडीतून निसटलेली सोनबाई मिरचीच्या कारखान्यात आसरा घेते. सारा गाव तिला हवाली करायला तयार होतो. म्हातारा चौकीदार अबू मियाँ मात्र दरवाजा उघडत नाही. त्यासाठी तो जीव देतो.

नजमा आणि अबू मियाँ, दोघेही आपल्या मोहल्ल्यात भेटतात. आपण कोणाच्या बाजूला उभे राहतो, एवढाच सवाल आहे.

निकाहाला मुलीची रजामंदी लागते, हे आपला दीन सांगतो. हजरत खनसा बिन्त खिदाम यांचा निकाह वडिलांनी त्यांच्या मर्जीविरुद्ध लावला, तेव्हा प्यारे नबी (स.) यांनी तो रद्द केला. मग दारी स्थळ आले की पगार, घर, गाडी विचारण्याआधी मुलीला विचारू या. आणि ती गप्प राहिली, तर ती लाजेने गप्प आहे की भीतीने, हेही तिच्या अम्मीने जवळ बसून पाहावे.