पुनर्मूल्यांकनाला मुदत हवी

देवगाव रंगारीच्या विद्यार्थ्याला पुनर्मूल्यांकनात वाढलेले गुण पुढील प्रवेशाची मुदत टळल्यावर मिळाले, तर त्यांचे मोल काय? 2016 च्या महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियमाने परीक्षा संपल्यापासून 45 दिवसांत निकाल लावण्याचे बंधन घातले आहे. विलंबाची झळ मात्र निकालानंतरही बसते.

नियमात तरतूद नसल्यास पुनर्मूल्यांकन हक्काने मागता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 1984 साली महाराष्ट्राच्या परीक्षा मंडळासंबंधी ठरविले. विद्यार्थी हा विद्यापीठाचा ‘ग्राहक’ नव्हे, हे 2010 साली महर्षी दयानंद विद्यापीठाच्या प्रकरणात सांगितले गेले. तथापि 2011 च्या निर्णयाने स्वतःची उत्तरपत्रिका माहितीच्या अधिकाराखाली पाहण्याचा हक्क मान्य केला. अर्जाला 30 दिवसांत उत्तर देणे बंधनकारक आहे. नियमानुसार पुनर्मूल्यांकन देय असूनही ते रखडले, तर घटनेच्या 226 व्या अनुच्छेदाखाली छत्रपती संभाजीनगर येथील खंडपीठाकडे दाद मागता येते. न्यायालय सहसा स्वतः गुण देत नाही. विद्यापीठाला मुदत मात्र घालून देऊ शकते.

परंतु शेतकऱ्याच्या मुलाने वकिलाचा खर्च कोठून करावा? म्हणून पुनर्मूल्यांकनालाही सक्तीची मुदत असावी आणि ती उलटल्यास तात्पुरता प्रवेश आपोआप मिळावा. विद्यापीठाच्या विलंबाचा दंड विद्यार्थ्याने भरावा, हा न्याय नव्हे.