ऊन फुकट, मग सौरवीज महाग का?

आयुष्यभर तत्त्वज्ञान शिकवलेल्या माणसाने सौरऊर्जेच्या किमतीवर काय बोलावं, असं तुम्हाला वाटेल. पण ‘किंमत म्हणजे काय’ हा आमच्या विषयातला जुनाच प्रश्न. आणि १ डिसेंबर २०१६ रोजी राज्यातलं पहिलं कॅशलेस गाव म्हणून ज्या धसईचं नाव झालं, तिथे पैशाबद्दल बोलायला संकोच कसला?

ऊन फुकट असतं. पण आपण उन्हाचे पैसे देतच नाही. देतो ते पॅनेल, इन्व्हर्टर, लोखंडी स्ट्रक्चर, वायरिंग आणि मजुरी यांचे. यातलं पॅनेल गेल्या पन्नास वर्षांत प्रचंड स्वस्त झालं. जगातलं एकूण उत्पादन दुप्पट झालं की पॅनेलची किंमत सुमारे वीस टक्क्यांनी उतरते, असा अनुभव आहे. छपराचं तसं नाही. स्लॅबवर काम सोपं. आपल्या कौलारू घराला वेगळं स्ट्रक्चर उभं करावं लागतं. पावसाळ्यातला वारा तुम्हाला ठाऊकच आहे, तेव्हा ते मजबूतच हवं. म्हणून शेजारच्याला पडलेला खर्च तुम्हालाही तेवढाच पडेल, असं नाही.

त्यात सरकारचा हात दोन्ही बाजूंनी असतो. एप्रिल २०२२ पासून परदेशी पॅनेलवर ४० टक्के सीमाशुल्क बसलं, किंमत वाढली. सप्टेंबर २०२५ मध्ये जीएसटी १२ वरून ५ टक्क्यांवर आला, ती उतरली. २०२४ च्या पीएम सूर्यघर योजनेत तीन किलोवॉटला ७८,००० रुपये अनुदान आहे. मात्र पॅनेल आणि त्यातले सेलही भारतात बनलेले लागतात, आणि ते महाग पडतात.

आता मुख्य मुद्दा. महावितरणचं बिल आपण महिन्याच्या महिन्याला भरतो. सौरयंत्रणेत मात्र पंचवीस वर्षांच्या विजेचे पैसे पहिल्याच दिवशी मोजतो. म्हणजे आपण खरं तर वेळ विकत घेतो, आणि वेळेची किंमत म्हणजे व्याज.

हिशेब करू. समजा, तीन किलोवॉटची यंत्रणा दीड लाखाला बसली. अनुदान वजा जाता ७२,००० उरले. पावसाळा धरून वर्षाला साधारण ३,६०० युनिट मिळाले. बँकेने सहा टक्क्यांनी कर्ज दिलं, तर पहिल्या वर्षाचं व्याज ४,३२० रुपये. युनिटमागे १ रुपया २० पैसे. तेच पैसे महिना शेकडा दोनने उचलले, तर व्याज १७,२८०. युनिटमागे ४ रुपये ८० पैसे. पॅनेल तेच, ऊनही तेच. फरक फक्त कर्ज देणाऱ्याचा. शिवाय अनुदान यंत्रणा बसल्यावर खात्यात येतं. तोवर पूर्ण रक्कम उभी करायची असते. गरिबाला तेच ऊन महाग पडतं ते असं.

तेव्हा कोटेशन हातात आलं की नुसता शेवटचा आकडा पाहू नका. महिन्याला युनिट किती जळतात ते जुन्या बिलात बघा. गरजेपेक्षा मोठी यंत्रणा घेऊ नका. छपरावर आंब्याची सावली पडते का, ते बघा. दहा-बारा वर्षांनी इन्व्हर्टर बदलावा लागेल, तो खर्च धरा. आणि सगळ्यात आधी विचारा, व्याज किती?

एवढं बोलून थांबतो. आता तुमचे प्रश्न घेऊ.