कोड : घोळ नावातच

सोलापुरात एकाच गल्लीत त्याला तीन नावं आहेत. मराठीत कोड, कन्नडमध्ये तोन्नू, तेलुगूत बोल्ली. नाव कुठलंही घ्या, स्थळाची चौकशी करताना आवाज सगळ्यांचाच खाली जातो. चेहऱ्यावर, हातांवर पांढरे डाग आले की मैत्री सैल होते, जमत आलेली लग्नं मोडतात. त्यामागचे काही समज तपासून पाहू.

गैरसमज : कोड हा कुष्ठरोगाचाच प्रकार.
वस्तुस्थिती : ‘कोड’ हा शब्द मुळात ‘कुष्ठ’वरूनच आला, वर ‘श्वेतकुष्ठ’ हे नाव, घोळ तिथूनच. कुष्ठरोग जंतूमुळे होतो. कोडात शरीराची प्रतिकारशक्ती स्वतःच्याच रंगपेशींवर उलटते. कुष्ठाचा चट्टा बहुधा फिकट किंवा लालसर असतो आणि तिथली संवेदना कमी होते. कोडाचा डाग दुधासारखा पांढरा, पण स्पर्श पूर्ववत कळतो. कुष्ठरोगही औषधांनी बरा होतो. घटस्फोटाच्या कारणांतून तो 2019 मध्ये कायद्याने वगळला. कोड तर हिंदू विवाह कायद्याच्या त्या यादीत कधीच नव्हता.

गैरसमज : जवळीक केली तर लागण होते.
वस्तुस्थिती : एका ताटात कडक भाकरी आणि शेंगाचटणी खा, एकच टॉवेल वापरा, हात धरा, संसार करा; कोड लागत नाही. त्यात जंतूच नाही. दूध आणि मासे एकत्र खाल्ल्याने तो होतो, यालाही आधार नाही.

गैरसमज : मुलांना होणारच.
वस्तुस्थिती : आनुवंशिकतेचा थोडा वाटा असतो, पण बहुतेक रुग्णांच्या मुलांना कोड होत नाही. म्हणजे लग्नाला ती आडकाठी नाही. पुण्यात डॉ. माया तुळपुळे यांच्या ‘श्वेता असोसिएशन’ने कोड असलेल्यांसाठी वधूवर मेळावे घेतले. सुमित्रा भावे–सुनील सुकथनकर यांचा ‘नितळ’ (2006) हा चित्रपट याच विषयावरचा. पण कोड असलेल्याने कोड असलेल्याशीच लग्न करावं, असं वैद्यकशास्त्र कुठेही सांगत नाही.

गैरसमज : कपाळावर पांढरं दिसलं, म्हणजे कोडच.
वस्तुस्थिती : काही टिकल्यांच्या गोंदातल्या रसायनानेही नेमका टिकलीच्या जागी रंग जातो. अशी टिकली लगेच थांबवावी आणि त्वचारोगतज्ज्ञाला दाखवावं.

गैरसमज : यावर उपाय नाही.
वस्तुस्थिती : मलमं, अतिनील किरणांचे उपचार आणि डाग स्थिर असतील तर त्वचारोपण, असे मार्ग आहेत. चेहऱ्यावर रंग बऱ्यापैकी परततो. ओठ, बोटांची टोकं सहसा कमी दाद देतात. सोलापूरच्या चाळिशीपार उन्हात डाग पटकन भाजतात, ते झाकावेत.

गैरसमज : जिवाला धोका नाही, मग मनाला कशाला लावून घ्यायचं?
वस्तुस्थिती : कोड असलेल्यांत नैराश्य आणि चिंता जास्त आढळते. आरशातला चेहरा हळूहळू ओळखीचा होतो. लोकांच्या नजरेची सवय होत नाही. रस्त्यावर मेकअपने डाग झाकायचे की नाही, हा ज्याचा त्याचा प्रश्न. लग्न ठरवताना मात्र जोडीदाराला आधीच सांगितलेलं बरं. पुढच्या संसारात लपवाछपवीचा ताण राहत नाही.

आणि मित्रांनी काय करावं? भेटल्या भेटल्या औषधं सुचवू नयेत. डाग दिसण्याआधी दर जानेवारीत ज्याला ‘गड्ड्याच्या जत्रेला येतोस का?’ म्हणायचो, त्याला यंदाही तेवढंच विचारावं.